व्हर्जिलच्या खुर्चीतले अध्यक्ष

व्हर्जिल स्टॅम्बॉला स्वतःचं आडनाव सांगता यायचं नाही. 'स्ट'वर जीभ जी टाळूला चिकटायची, ती सुटायचं नाव घ्यायची नाही. समोरचा माणूस आधी हसून वाट बघायचा, मग नजर चुकवायचा आणि शेवटी त्याच्या वतीने स्वतःच काहीतरी बोलून टाकायचा. व्हर्जिलला सगळ्यात जास्त लागायचं ते हेच. शब्द अडला याचं त्याला फारसं काही वाटत नसे. दुसऱ्याने तो उचलून पुरा केला की मात्र त्याचे कान लाल व्हायचे.

अशा माणसाने न्हावी व्हावं हे त्याच्या आईलाही पटलं नव्हतं. पण त्याचा हात हलका होता. शाळेत असतानाच तो भावांचे केस कापायचा आणि ते चांगले कापले जायचे. वयाच्या विसाव्या वर्षी तो कोलंबसला जाऊन धंदा शिकून आला आणि ओहायोतल्या वॉलनट फोर्ड या गावात, मुख्य रस्त्यावरच्या क्लाइड हॉफेकरच्या सलूनमध्ये, दुसऱ्या खुर्चीमागे उभा राहिला. ते साल एकोणीसशे एकसष्ट.

पहिल्या चार महिन्यांतच त्याची खुर्ची रिकामी राहायला लागली. हातात खोट नव्हती. पण वॉलनट फोर्डचे लोक केस कापायला यायचे ते निम्मे बोलायला. मातीचे पाइप भाजणाऱ्या कारखान्यात दिवसभर भट्टीचा आवाज असायचा, घरी बायका-पोरांचा, आणि निवांत गप्पा मारायची जागा म्हणजे क्लाइडची खुर्ची. व्हर्जिलच्या खुर्चीत बसलेला माणूस "मका कसा काय म्हणतोय यंदा?" असं विचारायचा आणि आरशात व्हर्जिलचे ओठ नुसते थरथरताना बघून त्यालाच ओशाळं व्हायचं. पुढच्या खेपेला तो म्हणायचा, "मी थांबतो क्लाइडसाठी."

क्लाइड साठीचा होता, तोंडात कायम न पेटवलेला चिरूट. एका दुपारी दुकानात कुणी नसताना त्याने व्हर्जिलला आपल्या खुर्चीत बसवलं आणि त्याचे केस विंचरत विचारलं, "तू कधीच अडखळत नाहीस, असं काही आहे का रे पोरा?"

व्हर्जिलने बराच वेळ विचार केला. होतं एक. चौथीत असताना बाईंनी सगळ्यांकडून राष्ट्राध्यक्षांची यादी पाठ करून घेतली होती, वॉशिंग्टनपासून ट्रूमनपर्यंत. व्हर्जिल उभा राहिला तेव्हा मागच्या बाकांवर हसू पसरलं होतं. पण यादी त्याच्या तोंडून घसरगुंडीवरून घसरावी तशी घसरत गेली. एकही नाव अडलं नाही. कोणता शब्द काढायचा हे ठरवावं लागायचं तिथे जीभ अडायची. जो आधीच ठरलेला असायचा तो सरळ बाहेर यायचा. तेव्हापासून तो घाबरला की मनात अध्यक्ष म्हणायचा.

त्याने ती यादी क्लाइडला म्हणून दाखवली. क्लाइडने कंगवा खाली ठेवला. "मग हेच बोल की," तो म्हणाला. "गिऱ्हाइकाला हवापाणी विचारू नकोस. एका कटिंगमागे एक अध्यक्ष. त्याच्याबद्दल एकच गोष्ट, घरून पाठ करून आणलेली. उरलेलं तेच बोलतील. बोलण्याची हौस त्यांना आहे, तुला कुठंय?"

तसंच झालं. व्हर्जिलने पहिली गोष्ट पाठ केली ती लिंकनच्या दाढीची: न्यूयॉर्क राज्यातल्या अकरा वर्षांच्या एका मुलीने त्याला पत्र लिहून कळवलं होतं, की तुमचा चेहरा फार बारीक दिसतो, दाढी ठेवलीत तर मतं मिळतील, आणि त्याने ती ठेवली. दाढी करून घ्यायला आलेल्या माणसाला, तोंडाला फेस लावलेला असताना, ही गोष्ट ऐकायला मजा वाटली. त्या माणसाने ती कारखान्यात सांगितली. मग दुसरा आला तो विचारतच आला, की माझ्या वाट्याला कोण? त्याला बेंजामिन हॅरिसन मिळाला, दाढीवाल्यांतला शेवटचा. मिशीवाल्यांतला शेवटचा टॅफ्ट, तोही आपल्याच ओहायोचा. टॅफ्टची व्हाइट हाउसच्या हिरवळीवर चरणारी पॉलीन नावाची गाय तर गावातल्या दूधवाल्यांना इतकी आवडली, की ते आपापल्या गाईंची नावं तशी ठेवायला लागले. ग्रँटच्या नावातला मधला 'एस' हे कशाचंच आद्याक्षर नाही, व्हॅन ब्यूरनची घरची भाषा डच होती, अँड्र्यू जॉन्सन धंद्याने शिंपी होता. वर्षभरात लोक व्हर्जिलसाठी थांबायला लागले आणि क्लाइड खिडकीपाशी बसून चिरूट चघळायला मोकळा झाला.

व्हर्जिलला स्वतःला आवडायचा तो जेफरसन. भाषण करायचं म्हटलं की जेफरसनला नको व्हायचं. संसदेपुढचा वर्षाचा अहवाल तो वाचून न दाखवता लिहून पाठवून द्यायचा. ही गोष्ट व्हर्जिलने कुठल्याच गिऱ्हाइकाला सांगितली नाही. ती त्याने स्वतःसाठी ठेवली होती.

निओमा लँट्झ गावच्या वाचनालयात कामाला होती. तिचे वडील रेल्वेतून निवृत्त झालेले, हात थरथरायचा म्हणून घरी दाढी करता यायची नाही. दर शनिवारी ती त्यांना घेऊन यायची आणि भिंतीकडेच्या खुर्चीत काहीतरी वाचत बसायची. एका शनिवारी व्हर्जिलने म्हाताऱ्याला गारफिल्ड सांगितला: आपला गारफिल्ड असा हुशार, की एका हाताने लॅटिन आणि त्याच वेळी दुसऱ्या हाताने ग्रीक लिहायचा.

"कुणी बघितलं होतं?" निओमाने पुस्तकातून डोकं वर न काढता विचारलं.

व्हर्जिल वस्तरा धरून उभा राहिला. याचं उत्तर पाठ नव्हतं. "ल... ल..." त्याला 'लोक म्हणतात' असं म्हणायचं होतं. दुकानात आणखी दोघं बसले होते, त्यांनी जमिनीकडे बघायला सुरुवात केली. निओमाने पुस्तक मिटलं आणि त्याच्याकडे बघत बसली. घाई नाही, कीव नाही, मदतही नाही. रस्ता ओलांडणाऱ्या म्हाताऱ्यासाठी गाडी थांबवून बसावं तशी ती बसून राहिली.

"लोक म्हणतात," अखेर व्हर्जिल म्हणाला.

"लोक काय, काहीही म्हणतात. तुम्ही सोमवारी या वाचनालयात. दुकान बंद असतं ना?"

तो गेला. एका सोमवारी उरकलं नाही म्हणून दुसऱ्या, मग तिसऱ्या सोमवारी गेला. गारफिल्ड दोन्ही हातांनी लिहायचा असं लिहिलेलं सापडलं. पण एकाच वेळी दोन भाषा लिहिताना त्याला पाहिलेला माणूस एकाही पुस्तकात भेटला नाही. चौथ्या शनिवारी लँट्झ म्हातारा खुर्चीत बसल्यावर व्हर्जिल भिंतीकडे वळला आणि म्हणाला, "कुणीच नाही ब... ब... बघितलं." पाठ न केलेलं वाक्य चारचौघांत बोलायची त्याची ती पहिलीच वेळ. निओमा नुसती हसली. सदुसष्टच्या जूनमध्ये त्यांचं लग्न झालं, आणि तेव्हापासून दोन पुस्तकांत सापडल्याशिवाय कुठलाही अध्यक्ष खुर्चीपर्यंत पोहोचायचा नाही असा घरचा कायदा झाला. क्लाइडने दुकान त्याच्या नावावर केलं त्याच वर्षी. पाटीवरचं क्लाइडचं नाव मात्र व्हर्जिलने बदललं नाही. स्वतःचं आडनाव रोज डोक्यावर घेऊन बसायची त्याला हौस नव्हती.

हॉबर्ट मुलिन्स आला एकाहत्तरच्या हिवाळ्यात. व्हर्जिनियाच्या डोंगराळ भागातला उंच, हाडकुळा माणूस, भट्टीवर नोकरी मिळाली म्हणून बायको ओपलला घेऊन उत्तरेला आलेला. तो पहिल्यांदा खुर्चीत बसला तेव्हा व्हर्जिलने त्याच्या तोंडाला फेस लावला आणि नव्या माणसाला सांगायची ठरलेली गोष्ट सांगितली, की या ओहायोने देशाला आठ अध्यक्ष दिले.

फेसातून आवाज आला, "सात."

व्हर्जिलचा हात थांबला.

"थोरला हॅरिसन, बेंजामिनचा आजा, तो आमचा. व्हर्जिनियात जन्मला," हॉबर्ट म्हणाला. "आठ आमचे. तुमचे सात. मोज."

"राहायला इ... इथे होता. निवडून आला तो इथून."

"राहायला मीही इथेच आहे. म्हणून मी काय ओहायोकर झालो?"

हा वाद पुढे तेहतीस वर्षं चालला. हॉबर्ट दर दुसऱ्या शुक्रवारी कामावरून थेट यायचा, केसांत भट्टीची लाल धूळ घेऊन, आणि बसायच्या आधी म्हणायचा, "काय ओहायोकर, किती झाले?" व्हर्जिल म्हणायचा, "आठ." मग पुढचा अर्धा तास दोघं एकमेकांची उणीदुणी काढायचे. हॉबर्टच्या बाजूला वॉशिंग्टन, जेफरसन, मॅडिसन, मन्रो असे तालेवार चौघे होते. व्हर्जिलच्या पदरी मित्रांच्या लाचखोरीने बदनाम झालेला हार्डिंग होता, आणि हार्डिंगची बाजू घेणं सोपं नाही. "संख्या राहू दे, वजन आमच्याकडे आहे," असं हॉबर्टने म्हटलं, की व्हर्जिल दीडशे किलोंच्या टॅफ्टचं नाव घ्यायचा आणि वजनाचा मुद्दा तिथेच निकालात निघायचा. एक गोष्ट निओमाच्या आधी कुणाच्याच लक्षात आली नव्हती. हॉबर्टशी भांडताना व्हर्जिल पाठ केलेलं काही बोलत नसे. तो अडखळायचा, वाक्यं तुटायची, फेस वाळून जायचा, आणि हॉबर्ट डोळे मिटून वाट बघायचा. नंतर तो म्हणायचा, की एवढ्या वेळात मला उत्तर शोधता येतं, मी कशाला घाई करू?

शहाऐंशीच्या उन्हाळ्यात दोन्ही जोडपी गाडी काढून नॉर्थ बेंडला गेली, हॅरिसनच्या समाधीवर. साडेचार तासांचा रस्ता. ओपलने हॅम सॅलडची सँडविचं आणि पीच भरून भाजलेला गोड 'पाय' बांधून घेतला होता. खाली ओहायो नदी, वर दगडी खांब, आणि दोघे बाप्ये टोप्या काढून उभे. दोन तासांच्या आसपास भाषण ठोकून अध्यक्ष झालेला आणि महिनाभरात वारलेला माणूस. हॉबर्टने खाली नदीकडे पाहिलं. मग म्हणाला, की जागा बाकी चांगली निवडली म्हाताऱ्याने.

"मग माणूस कुठला? जन्मला तिथला, की राहिला तिथला?" ओपलने विचारलं. आपण नवऱ्याला विचारतोय की समाधीला, हे तिने कळू दिलं नाही. पंधरा वर्षांत ती तीनदाच माहेरी गेली होती. हॉबर्टने सँडविच मागितलं.

दोन हजार चारच्या मार्चमध्ये हॉबर्टला अर्धांगाचा झटका आला. उजवा हात गेला, उजवा पाय काठीपुरता राहिला आणि बोलणं पार गेलं. जीभ हलत होती, आवाज होता, कानावर पडलेलं सगळं त्याला कळत होतं. पण तोंडातून एकच शब्द यायचा, "बरं". भूक लागली तरी बरं, राग आला तरी बरं, ओपलला हाक मारायची असली तरी बरं. गावातली माणसं भेटायला यायची, बहिऱ्याशी बोलावं तशी मोठ्याने बोलायची, आणि त्याने "बरं... बरं..." करून काही सांगायचा खटाटोप केला की "पाणी हवंय? उशी हवीय? टीव्ही लावू?" असा मारा करायची. महिन्याभरात हॉबर्ट कुणी आलं की भिंतीकडे तोंड करायला लागला.

व्हर्जिलला त्या भिंतीकडे बघण्याचा अर्थ सांगायला नको होता. तो सोमवारी सामानाची पेटी घेऊन जायचा, हॉबर्टला स्वयंपाकघराच्या दारापाशी खुर्चीत बसवायचा, गळ्याभोवती कापड बांधायचा आणि काहीही न विचारता दाढी करायचा. वाद नाही, अध्यक्ष नाही. पहिल्या सोमवारी तो घरी येऊन निओमाला म्हणाला, की गप्प बसणं मला आयुष्यात कधी इतकं जड गेलं नव्हतं.

असे सात सोमवार गेले. आठव्या सोमवारी हॉबर्टच्या गालावर कसलीशी पुळी आली होती आणि वस्तरा तिच्या कडेने न्यायचा होता. व्हर्जिलचा हात आताशा पूर्वीसारखा राहिला नव्हता. धास्तीने त्याच्या तोंडून जुनी सवय बाहेर आली. तो पुटपुटायला लागला, "वॉशिंग्टन, अ‍ॅडम्स, जेफरसन..." आणि पुळीपाशी आल्यावर श्वास रोखून थांबला.

"मॅडिसन," हॉबर्ट म्हणाला.

व्हर्जिलने वस्तरा गालावरून उचलला. स्वयंपाकघरात ओपल बटाटे सोलत होती, तिची सुरी थांबल्याचं ऐकू आलं. व्हर्जिलच्या मनात पन्नास गोष्टी आल्या, पण त्याने एकही केली नाही. तो थांबला. निओमा त्या शनिवारी थांबली होती तसाच.

"मन्रो," हॉबर्ट म्हणाला. त्याचे डोळे विस्फारले होते. दुसऱ्याच कुणाचा आवाज आपल्या तोंडून येतोय की काय, असं बघत होता. "अ‍ॅडम्स. जॅक्सन. व्हॅन ब्यूरन. हॅरिसन."

हॅरिसनपाशी तो अडला. पुढचं नाव आलं नाही. पण त्याने डावा हात कापडाखालून बाहेर काढला आणि अंगठा स्वतःच्या छातीवर दोनदा आपटला. आमचा.

"नाही," व्हर्जिल म्हणाला. त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. "आ... आ... आमचा."

"बरं!" हॉबर्ट ओरडला, आणि या वेळी त्या 'बरं'चा अर्थ काय हे तिघांपैकी कुणालाही विचारावं लागलं नाही. ओपल ओले हात तसेच घेऊन दारात येऊन उभी होती.

परगण्याच्या इस्पितळातून वाचेचे उपचार करायला एक तरुण बाई यायची. तिला हे सांगितल्यावर ती खूश झाली, पण तिने आधीच बजावलं, की फार आशा धरू नका. पाठ असलेली यादी, प्रार्थना, वारांची नावं ही मेंदू वेगळ्या पद्धतीने सांभाळून ठेवतो. ती आली म्हणजे बोलणं आलं असं नाही. मात्र ते एक दार आहे, उघडं ठेवा. मग सोमवारी दाढी झाली की दोघं यादी म्हणायला लागले. व्हर्जिल एक, हॉबर्ट एक. टायलर, पोक, टेलर, फिलमोर. क्लीव्हलँड आला की हॉबर्ट दोन बोटं दाखवायचा, कारण क्लीव्हलँड पुन्हा एकदा यायचा. पुढे व्हर्जिल यादीत मुद्दाम चुकायला लागला. हेजच्या जागी लिंकन घालायचा, आणि हॉबर्ट चिडून आधी "बरं" आणि मग एक दिवस स्वच्छ "नाही" म्हणाला. 'नाही' हा त्याचा यादीबाहेरचा पहिला शब्द. मग कॉफी आली. मग भट्टी. ऑगस्टच्या शेवटी एका दुपारी त्याने स्वयंपाकघराकडे बघून "ओपल" म्हटलं.

ओपल त्या रात्री निओमाला फोनवर म्हणाली, "बेचाळीस माणसं होऊन गेल्यावर माझा नंबर लागला बघ."

निओमाने विचारलं, की त्रेचाळीस नाही का?

"क्लीव्हलँड दोनदा मोजतात गं. एवढ्या सोमवारांत तेवढं मलाही कळलं."

हॉबर्ट पहिल्यासारखा बोलू लागला नाही. दीडेक वर्षात साठ-सत्तर शब्द जमले, तेही मनात असतील तेव्हा येतील असा भरवसा नाही. पण माणसं आली की तो त्यांच्याकडे तोंड करून बसायचा, आणि शुक्रवारी ओपल त्याला दुकानात आणून सोडायची. त्याचे केस घरी सोमवारीच झालेले असायचे. दुकानात तो नुसता बसायला यायचा.

त्या उपचारवाल्या बाईंनी पुढे व्हर्जिलला इस्पितळात बोलावलं. झटक्याने वाचा गेलेल्यांचा आणि त्यांच्या घरच्यांचा एक गट महिन्यातून एकदा जमायचा, त्यांच्यापुढे दोन शब्द बोला म्हणाल्या. व्हर्जिलने नाही म्हटलं. मग आठवडाभर झोपला नाही आणि हो म्हणून कळवलं. निओमाने विचारलं, की भाषण लिहून देऊ का, पाठ करून टाक. तो म्हणाला, की नको, त्यांच्यापुढे पाठ केलेलं बोलणं बरं दिसणार नाही.

अठरा माणसं गोल करून बसली होती. व्हर्जिल उभा राहिला आणि आयुष्यात पहिल्यांदा चारचौघांत म्हणाला, "माझं नाव व्हर्जिल स्ट... स्ट..." भिंतीवरचं घड्याळ चाललं होतं. समोरच्या एका बाईने, जिला स्वतःला फक्त दोन शब्द येत होते, मांडीवर हात ठेवले आणि आरामात मागे टेकून बसली. अठरांपैकी एकानेही ते नाव त्याच्यासाठी पुरं केलं नाही. "स्टॅम्बॉ," तो म्हणाला, आणि मग पाऊण तास बोलला. परतताना गाडीत निओमाला म्हणाला, की मला वाटतं मी थोडा जास्तच बोललो. ती म्हणाली, थोडा नाही.

अडुसष्टाव्या वर्षी त्याने दुकान मारिसा कोवाल नावाच्या मुलीला दिलं. अ‍ॅक्रनहून आलेली, दंडावर गोंदण, हात हलका. व्हर्जिलने तिला नीट पारखून घेतलं होतं. त्याने जाताना विचारलं, की अध्यक्षांच्या गोष्टी हव्यात का, निओमाने वाचनालयात कार्डांचे तीन खण भरून ठेवलेत. मारिसा जरा संकोचली आणि म्हणाली, "रागावू नका आजोबा, पण मला त्यातलं काही कळत नाही. मी आपली कुत्र्यांबद्दल बोलते." तिच्याकडे चार बीगल होते.

व्हर्जिल रागावला नाही. आता तो दर तिसऱ्या गुरुवारी सकाळी, गर्दी नसताना जातो, कोट खुंटीला टांगतो आणि ज्या खुर्चीमागे अठ्ठेचाळीस वर्षं उभा राहिला तिच्यात बसतो. मारिसा कापड बांधते आणि सुरू होते. धाकट्या बीगलने सशाच्या मागे जाऊन कुंपणात मान कशी अडकवून घेतली, मोठीला गाजरं कशी आवडतात. व्हर्जिल डोळे मिटून ऐकतो. मध्येच एखादा प्रश्न विचारतो, अडखळत, आणि मारिसा कात्री वर धरून थांबते. मागच्या गुरुवारी त्याने विचारलं, की कुंपणातून मान शेवटी निघाली कशी? लोणी लावलं, ती म्हणाली, आणि मग ते लोणी बाकीच्या तिघांनी मिळून चाटून टाकलं. व्हर्जिल इतका हसला, की तिला कात्री बाजूला ठेवावी लागली.